चार भाग ऊब

लातूरच्या बर्फाच्या कारखान्यात व्यंकटी यंत्र चालवायचा, पण त्याला कुणी बर्फवाला म्हटलं की त्याचं तोंड आंबट व्हायचं. यंत्र थंडी बनवत नाही, हे सांगून सांगून तो थकला होता. ते पाण्यातली उष्णता उपसतं आणि बाहेर नेऊन टाकतं, एवढंच. एक भाग वीज घातली की पाण्यातून तीन भाग उष्णता निघते, आणि बाहेर टाकायला चार भाग होते, कारण विजेचीही शेवटी उष्णताच होते. लोक हो हो म्हणत आणि लादी घेऊन चालते होत.

ते चार भाग विहिरीचं पाणी वाहून न्यायचं. यंत्राच्या तापलेल्या नळ्यांवरून फिरून कोमट झालेलं पाणी भिंतीबाहेरच्या तोटीतून पडे, आणि मागच्या बौद्धवाड्यातल्या दहा घरांच्या बायका तिथं घागरी लावत. व्यंकटीचं घर त्यांतलंच. पाणी प्यायचं नव्हतं, पण आंघोळीला, धुण्याला चालायचं. मुख्य म्हणजे त्यासाठी कुणाच्या आडावर तिष्ठत उभं राहावं लागत नव्हतं.

लातूर जिल्हा झाला त्या सुमारास पाऊस रुसला. नवे साहेब आले, सरबताच्या गाड्या वाढल्या, बर्फाला मागणी आली आणि विहीर तळाला गेली. मालक अण्णाराव मूळचे अडतीतले. त्यांनी तोटी बंद करायला लावली आणि तेच पाणी पुन्हा पुन्हा फिरव म्हणाले. आता आधीच तापलेलं पाणी आणखी उष्णता काय घेणार? थोड्याच दिवसांत लाद्या मधे पोकळ निघू लागल्या, आणि बोल लागला तो व्यंकटीला.

त्यानं बादली लावून नळ्यांवरून किती पाणी जातं ते मोजलं, ते किती तापतं ते पाहिलं. त्यावरून बाहेर टाकलेली उष्णता निघाली. तीतून विजेची वजा केली आणि उरलेलीला विजेनं भागलं. तिनाचं प्रमाण दीडवर आलं होतं. म्हणजे तेवढ्याच बर्फाला दुप्पट वीज. दुष्काळात तेरावा महिना.

उपायही त्यालाच शोधावा लागला. तुराट्यांच्या ताट्या बांधून त्यांवरून गरम पाणी ठिबकू दिलं, की ते वाऱ्यानं निवतं. थोडं उडून जातं, तेवढं भरायचं. पण तिथलं पाणी जड. उडताना खार मागं ठेवतं, आणि खार नळ्यांना धरला की उष्णता बाहेर पडेनाशी होते. म्हणून रोज थोडं जुनं पाणी तोटीतून बाहेर सोडून नवं घ्यायलाच हवं. किती, याचा त्यानं हिशोब केला, पुन्हा करून पाहिला. दहा घागरी. घरटी एक. गणित आयुष्यात पहिल्यांदाच आपल्या बाजूनं सुटलं म्हणून तो थकलेला माणूस एकटाच हसला.

घरी त्यानं बायकोला, भामाबाईला, सगळं सांगितलं. तिनं भाकरी थापता थापता ऐकून घेतलं.

"उष्णता भाईर फेकायचीच हाय, तर आमच्या दारात पडू द्या की," ती म्हणाली. मग तिनं विचारलं, "मालकाला किती सांगनार?"

"दहा. लागत्यात तेवढ्याच."

तव्यावरची भाकरी तिनं उलटली.

अण्णारावांपुढे आकडा ठेवायचा तो दुप्पट करून, हे अख्ख्या बाजाराला ठाऊक होतं, कारण ऐकलेल्या प्रत्येक आकड्याचं ते अर्धं करत. त्यात वाईटपणा नव्हता, अडतीत मुरलेली सवय होती. व्यंकटीलाही ती माहीत होती. पण नळ्यांचा हिशोब काय तुरीचा भाव आहे, फुगवून सांगायला? त्यानं ताट्या दाखवल्या, गणित समजावलं आणि दहा घागरी सांगितल्या. अण्णारावांनी मान डोलावली.

"पाच सोड," ते म्हणाले.

खार धरेल, असं व्यंकटी सांगत राहिला, पण मालक पुढच्या कामाला लागले होते.

संध्याकाळी तोटी सुटली. रांगेत भामाबाई तिसरी होती. यंत्रवाल्याच्या बायकोनं आधी भरलं असं कुणी म्हणायला नको, म्हणून ती बाजूला झाली आणि मागच्या सगळ्यांना पुढं केलं. पाच घागरी भरल्या आणि तोटी आटली. तिनं आपली घागर घरी आणून दाराशी पालथी घातली.

"वीस सांगायच्या व्हत्या," ती म्हणाली.

व्यंकटीला तिचा राग आला नाही, आला तो स्वतःचाच. दहा हा आकडा खरा होता, आणि खरा आकडा सांगून त्यानं पाच घरांचं पाणी घालवलं होतं.