भिंतीवरची भूमिका

आमच्या शेजारचे नट मालिकेच्या तिसऱ्याच भागात वारले. तेव्हापासून नायिकेच्या वडिलांचा हार घातलेला फोटो म्हणून ते रोज भिंतीवर दिसत. ‘सध्या काय चालू आहे?’ असं कोणी विचारलं, की ‘डेली सोप’ म्हणत. नायिका फोटोसमोर रडू लागली, की आमच्या सोफ्यावर ताठ बसून माझ्या बायकोला सांगत, ‘वहिनी, आवाज वाढवा जरा. माझा सीन आहे.’

परवा मालिकेतलं कुटुंब नव्या बंगल्यात राहायला गेलं.

‘हॉलमध्ये लावतील मला,’ ते म्हणाले. हॉलमध्ये त्या जागी एसी होता.

काल आम्ही दोघं मंडईत गेलो, तेव्हा एका बाईंनी त्यांना ओळखलं. ‘अहो, तुम्ही गेलात ना?’

‘नाही हो,’ पिशवीत मेथी कोंबत ते म्हणाले, ‘सामान हलवताना मागे राहिलो.’