दारातून हाक

कमळला पंधरा दिवसांसाठी घरी थांबायला एक माणूस हवा होता. सकाळी आठ ते दुपारी चार, बस्स. नवरा धनेशला लढाईवरून परतून वर्ष झालं होतं. अंगावर ओरखडा नव्हता, पण त्याला एकटं सोडता येत नव्हतं. पोरं दोन, दोन्ही लहान. आणि टोकावड्याच्या खाचरात लावणी खोळंबलेली. भाताचं रोप वेळेत उपटून लावलं नाही तर जून होतं. मग त्याला फुटवे येत नाहीत.

भावजय म्हणाली, "वन्सं, माझीच लावणी पडलीय." खोटं नव्हतं. शेवटी डोंगरपाड्यावरची राही यायला तयार झाली. विधवा, पन्नाशीची, कामाला वाघीण.

कमळने एकच बजावलं. "मावशी, ते झोपले असले तर हात लावू नका. दारातून हाक मारा."

"बरं गो."

चार दिवस नीट गेले. कमळने अर्धं खाचर लावलं. कंबर मोडली, ओळ वाकडी गेली नाही. घरी यावं तर भाकऱ्या झालेल्या, पोरं न्हालेली.

पाचव्या दिवशी दुपारी थोरली रडत बांधावर आली. कमळ धावली. राही ओट्यावर बसलेली, गळ्यावर पाच बोटं उमटलेली. आत धनेश भिंतीकडे तोंड करून बसला होता.

"हाक का नाय मारलीत?"

"ज्याचं अन्न खाते त्या घरधन्याला दारातून वरडू? कुत्र्याला बोलवतात तसं? आमच्यात पायाचा अंगठा दाबून उठवतात. जेवण गार होत होतं गो."

कमळने तिला पाणी दिलं. "उद्या याल ना?"

"नाय गो बाय." जाताना तिने थोरलीची सुटलेली वेणी बांधून दिली.

कमळ तीन पाडे हिंडली. बातमी तिच्या आधी पोचली होती. मग धनेशला बांधावर बसवून पाहिलं. अर्ध्या तासात तो रानात शिरला. त्याला शोधण्यात दिवस गेला.

लावायची उरलेली रोपं वाफ्यातच पिवळी पडली. नवव्या दिवशी कमळने त्यांत शेजाऱ्यांच्या म्हशी सोडल्या.

"थोडं थांबायचंस," शेजारीण म्हणाली.

"कुणासाठी?"

घरी येऊन तिने ताट वाढलं आणि दारात उभी राहिली.

"अहो, उठता का?"

ती उंबऱ्याबाहेरच थांबली. तिने पुन्हा हाक मारली.