दुसऱ्याचं तूप

भट्टीच्या तोंडाशी उभी राहून ती उजवा हात कोपरापर्यंत आत घालायची आणि मोठ्यानं आकडे म्हणायची. "एक... दोन... तीन..." सातला हात बाहेर. मग पदरानं घाम पुसून हुकूम सुटायचा, "झाली. आना पत्रे!"

सातला हात सोसेनासा झाला की भट्टी नानखटाईला बरोबर. तीनलाच काढावा लागला तर अजून तापलेली. दहापर्यंत आरामात राहिला तर गेली थंड. तिचं शास्त्र एवढंच, आणि तीस वर्षं त्यावर अमरावतीतल्या अर्ध्या लग्नांची नानखटाई भाजली गेली होती.

आता माझा धंदा सांगतो, म्हणजे मला काय वाटलं असेल ते तुम्हाला कळेल. मी तापमापक तपासतो. दवाखान्यातले लशींचे फ्रीज, दूध डेअरीच्या टाक्या, त्यांचे काटे खरं बोलतात की थापा मारतात, हे बघत गावोगाव हिंडतो. नाशिकला घर आहे म्हणायचं. अर्ध्या अंशाच्या फरकावरून मी लोकांशी तासतासभर भांडलेलो आहे. आणि इथे ही बाई हात भाजून आकडे मोजतेय! माझ्या डोक्यात तिडीकच गेली.

त्या एप्रिलात शनिवारी अमरावतीचं काम संपलं, अकोल्याचं सोमवारी होतं. मधला रविवार लॉजवर पंख्याकडे बघत काढायचा, तर लॉजच्या मॅनेजरनं एक कागद पुढे केला. 'एक दिवस भट्टीवर. नानखटाई स्वतः करा, स्वतः भाजा.' मला चहासुद्धा धड येत नाही. पण पंख्यापेक्षा बरं, म्हणून गेलो.

अंबागेटच्या आतल्या गल्लीत जुनी विटांची भट्टी. नवरा गेल्यावर ही बाईच ती चालवत होती. शिकवणीची कल्पना सुनेची. शिकायला आम्ही पाच जण, आणि तिला सगळे काकू म्हणत होते म्हणून मीही काकू म्हटलं. मी पिशवीतून माझं यंत्र काढलं, लांब सळईचं, आत खुपसायचं. तिनं ते खालीवर न्याहाळलं.

"काय जी, भट्टीले काय ताप आला हाय? ठेवा थे पिशवीत."

सगळे हसले. मीही हसलो, पण मनातून चिडलो होतो.

आम्ही परातीत तूप आणि पिठीसाखर तळहातानं फेटत बसलो. भिंतीकडेच्या ओट्यावर भातकुलीहून आलेली एक बाई बसली होती, मांडीवर रिकामा पितळी डबा घेऊन. इकडची रीत तुम्हाला ठाऊक असेल, नसेल तर सांगतो. लोक घरचं तूप, साखर, पीठ भट्टीवर आणून देतात. भट्टीवालीनं मळायचं, भाजायचं आणि ज्याचं त्याला परत करायचं. घरांची सरमिसळ होऊ नये म्हणून प्रत्येक घराची खूण वेगळी. कुणाचा बदामाचा काप, कुणाच्या चार चारोळ्या. भातकुलीच्या बाईची लवंग. तिच्या पोरीचं परवा लग्न होतं आणि रुखवतावर ही नानखटाई मांडायची होती. घरी एकच म्हैस. पाच महिने तिनं घरात कुणाला तुपाची धार वाढली नव्हती, असं तीच सांगत होती, आणि सांगताना डब्यावरून हात फिरवत होती.

लवंगा टोचलेल्या गोळ्यांचे तिचे चार पत्रे फळीवर ओल्या फडक्याखाली तयार होते. आमच्यातल्या कुणाचा हात चुकून तिकडे गेला तरी काकू ओरडायची.

"हात नोका लावू! दुसऱ्याचं तूप हाय, बापा."

हे वाक्य सकाळपासून मी वीसदा तरी ऐकलं असेल. पाव जळला तर ती हसायची, टोस्ट करपला तर स्वतः खायची. दुसऱ्याच्या तुपाचं मात्र सोवळं होतं. तीस वर्षांत दुसऱ्याच्या तुपाचा एक पत्रा जाळला नाही, एवढी एकच बढाई ती मारत असे.

आधी आमचा शिकाऊ माल भाजायचा होता. निखारे ओढून झाले, ओल्या पोत्यानं भट्टीची जमीन पुसून झाली. काकूनं हात घातला, मला म्हणाली, "तुमीबी घाला, समजन." मी शेजारून घातला. एक, दोन, तीन... आई गं! मी हात ओढला तो थेट छातीशी.

"शहराचा हात हाय तुमचा. लोण्यावानी." ती आरामात सातपर्यंत गेली. "झाली. आना पत्रे."

माझा पत्रा बाहेर आला तो वरून गोरा आणि खालून कोळसा.

"साखर जास्त टाकली तुमी," ती म्हणाली. मान खाली घालून ऐकून घेतलं. माझ्या हातून बिघडणं अगदी शक्य होतं. पण दुसरा पत्रा होता दर्यापूरहून आलेल्या एका शिक्षिकेचा. तिनं प्रत्येक जिन्नस दोनदा मोजला होता. पुन्हा हात आत, पुन्हा सात, "झाली." आणि तोही खालून काळा.

या वेळी काकूनं साखरेला दोष दिला नाही. एक नानखटाई उलटी करून बघत राहिली. मग तिनं फळीकडे पाहिलं. बाहेर ऊन मी म्हणत होतं. फडक्याखाली लवंगांचे गोळे सैल पडायला लागले होते. तूप ते! अशा उकाड्यात किती वेळ तग धरणार? आणखी थोडा वेळ गेला असता तर गोळे पसरून एकमेकांना चिकटले असते, मग नानखटाई कुठली, नुसता लगदा.

"काय झालं वो बाई?" भातकुलीच्या बाईनं विचारलं.

"काई नाई. लावून राहिली मी आता तुमचेच."

ती तिसऱ्यांदा भट्टीशी गेली. मी अगदी बाजूला होतो, आणि का कोण जाणे, हाताकडे न बघता तिच्या तोंडाकडे बघत होतो. चटका माणसाच्या तोंडावर दिसतो हो. डोळे बारीक होतात, ओठ आवळले जातात. तिच्या तोंडावरची रेघ हलत नव्हती. "चार... पाच..." म्हणताना तिचं मनगट भट्टीच्या लोखंडी चौकटीला टेकलं. चर्र झालं. मला ऐकू आलं. ती "सहा" म्हणाली.

मला वडील आठवले. माझ्या वडिलांना साखरेचा आजार होता. एकदा ते चपलेतून वर आलेला खिळा पायात घेऊन देवळापर्यंत जाऊन आले होते. घरात रक्ताची पावलं उमटली तेव्हा आम्हाला कळलं. त्यांना तेव्हाही कळलं नव्हतं.

"सात. झाली. आना..."

"काकू, थांबा."

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. लोण्याच्या हाताचा माणूस भट्टीवालीला थांब म्हणतोय! मी जवळ जाऊन हळूच म्हटलं, "हात बघा."

"काऊन जी?"

"बघा तर."

तिनं मनगट वळवलं. आतल्या बाजूला बोटभर लांबीचा पांढरा पट्टा उठला होता. त्याच्याशेजारी दुसरा, जुना, खपली धरलेला. ती त्याच्याकडे दुसऱ्या कुणाचा हात असल्यासारखी बघत राहिली.

"कवा लागलं हे?"

"आत्ता. सहा म्हणताना."

ती माझा हात धरून मला लाकडांच्या ढिगामागे घेऊन गेली. तिथे तिचा आवाज एकदम लहान झाला.

"आदी मुंग्या येत हाताले. मंग मुंग्याबी गेल्या. मले वाटलं, चला, बरा झाला. आता हात भट्टीचा झाला. सातले काढतो, थे नुसत्या सवयीनं." थोडं थांबून म्हणाली, "साखर हाय मले. गोया घेतो मी. कोनाले सांगू नोका."

"पण ते पत्रे, काकू..."

"तेच तं म्हंतो! वेय नाई आता."

मी पिशवीकडे वळलो. "माझं यंत्र आहे ना."

"काय सांगन थे?"

"आकडा सांगेल."

"कोनता आकडा नानखटाईचा?"

तिचं बरोबर होतं, अगदी माझ्या धंद्याच्या भाषेत बरोबर होतं. ही भट्टी आजवर कुठल्या काट्यानं मोजलीच नव्हती. कुठल्या आकड्याला इथे नानखटाई होते, हे फक्त त्या एका हाताला ठाऊक होतं आणि त्या हाताची वाचाच गेली होती.

"तुमाले पोयते ना, चटका लागते ना?" तिनं विचारलं. "मंग तुमीच घाला हात."

"माझा हात तुमच्यासारखा नाही. मी तीनला पळालो."

"थेच तं कामाचं हाय! तुमी तीनले काढला अन् पत्रा जयला. म्हंजे तुमच्या तीनले भट्टी कडक. आता दार उघडलं का भट्टी निवन, तशी मोजत जाऊ." (माझा चेहरा बघून ती त्याही वेळी जरा हसली.) "भिऊ नोका. जीव नाई जात."

आयुष्यभर मी इतरांचे काटे तपासले. त्या दिवशी तिनं मला तपासायला घेतलं.

भट्टीचं दार सताड उघडलं. थोड्या वेळानं मी हात घातला. चारला सुटला. तिनं माझ्याच परातीतल्या पिठाची एक गोळी आत सरकवली. आम्ही दोघं उकिडवे बसून तिच्याकडे बघत होतो. मागे शिक्षिका कुजबुजत होती, सून दारातून विचारत होती, "काय चालू हाय?" आणि भातकुलीची बाई उठून फळीशी येऊन उभी राहिली होती. गोळी बाहेर आली. खालून तांबूस, करपटाकडे झुकलेली.

"चार नाई," काकू म्हणाली. फडकं उचलून तिनं गोळ्यांकडे पाहिलं. लवंगा कलायला लागल्या होत्या. "आनखी उशीर झाला तं गेलं सगळं. पाच पाहू."

पुन्हा हात. एक, दोन... तोवर माझी कातडी चुरचुरायला लागली होती, कोपरापर्यंत लाल झालेली. तीन, चार... दात आवळून मी थांबलो होतो आणि ती माझ्या हाताकडे बघत नव्हती, माझ्या तोंडाकडे बघत होती. "खोटं नोका थांबू," ती पुटपुटली. "जसं होईन तसं." पाच. हात आपोआप बाहेर आला.

गोळीनं तपासायला आता वेळ नव्हता. तिनं जमिनीवरचा कोळसा उचलला, भट्टीच्या तोंडाशेजारी भिंतीवर पाच उभ्या रेघा ओढल्या आणि एकामागून एक चारही पत्रे लांब दांड्याच्या फळीवरून आत सरकवले. दार लावून घेतलं.

मग आम्ही सगळे थांबलो. भातकुलीच्या बाईनं डबा पोटाशी धरला होता. बिचारीला काहीच माहीत नव्हतं, आणि मला वाटत होतं, आत्ता हिला सांगून टाकावं की बाई, तुझ्या पाच महिन्यांच्या तुपाचा भरवसा आता माझ्यासारख्या चहासुद्धा न येणाऱ्या माणसाच्या कातडीवर आहे.

वास आला तो जायफळाचा. करपल्याचा नव्हे. काकूनं दार उघडलं, पहिला पत्रा ओढला, एक नानखटाई उलटी केली. गव्हाच्या रंगाची. दुसरा, तिसरा, चौथा. सगळे तसेच. काठ थोडे पसरले होते, पण लवंगा जागच्या जागी होत्या.

मी भिंतीला टेकून खाली बसलो. खरं सांगतो, डोळ्यांत पाणी आलं होतं आणि ते धुरानं नव्हतं.

भातकुलीची बाई डबा भरून निघाली. मला वाटलं, मिटलं. पण काकू तिच्यापुढे जाऊन उभी राहिली. मला 'कोनाले सांगू नोका' म्हणणारी तीच, सगळ्यांसमोर हात पुढे करून म्हणाली,

"बाई, हे माह्या हातानं नाई भाजलं. या भाऊच्या हातानं भाजलं. माह्या हाताले आता चटका कयत नाई. तुमचं तूप थोडक्यात वाचलं."

बाईनं तो पट्टा पाहिला. डबा खाली ठेवला आणि "अगे माय!" म्हणत त्यावर फुंकर घालायला लागली. काकूला त्या हातावरची फुंकरही कळत नसणार. पण तिनं हात मागे घेतला नाही. आणि मग पहिल्यांदा ती रडली.

"आजपासून दुसऱ्याचं तूप घेत नाई मी," ती म्हणाली. सून काही बोलायला गेली तर तिनं मान हलवली. "नाई म्हंजे नाई."

मी तिला डॉक्टरकडे जायला बजावलं. ती हो हो म्हणाली, मला माझ्याच करपलेल्या नानखटाया बांधून दिल्या. "तुमचं तूप हाय," म्हणाली. अकोल्याच्या गाडीत मी त्या सगळ्या खाल्ल्या.

पुढच्या वर्षी पुन्हा अमरावतीचं काम निघालं. या वेळी मी नाशिकहून घरचं तूप घेतलं, बायकोनं कढवलेलं, आणि काकूला म्हणायचं ठरवलं की एकदा नियम मोडा, हे दुसऱ्याचं नाही, आपलंच आहे. रस्ताभर डबा मांडीवर होता.

भट्टी पेटलेली होती. सून एकटीच होती. माझ्या हातातला डबा बघून मी कशाला आलो ते तिनं ओळखलं.

"आत्याबाई दिवाळीच्या आंधी गेल्या, भाऊ."

मी डबा कुठे ठेवावा ते मला कळेना. सून म्हणाली, "या ना, आत तं या."

भट्टीच्या तोंडाशेजारची भिंत कोळशाच्या रेघांनी भरली होती. सहा रेघा, चार रेघा, पुन्हा सहा, आठ. त्या दिवसानंतर शिकायला आलेल्या प्रत्येकाचा हात काकूनं आत घालायला लावून, गोळ्या भाजून, मोजून घेतला होता. सुनेच्या सहा रेघा मोठ्या आणि ठळक होत्या. त्या ओढल्यावर महिनाभरानं काकूनं गल्लीत सांगून टाकलं होतं, आना आता तूप, माही सून हाय. माझ्या पाच रेघा जिथल्या तिथे होत्या. सगळ्यांच्या वर, तिचा हात पोचेल तेवढ्या उंचीवर, सात रेघा होत्या आणि त्यांवरून एक आडवी रेघ मारलेली होती.

"थे त्यायचंच," सून म्हणाली. "सोताच खोडलं."

मग सुनेनं माझा डबा घेतला, झाकण उघडून वास घेतला आणि पदर खोचला.

"खूण काय ठेवू तुमची?"

"लवंग," मी म्हणालो.

तिनं भट्टीत हात घातला आणि मोठ्यानं आकडे म्हणायला लागली.