हर्न, हिझन आणि माझंवालं

दर बुधवारी दुपारी बाराला अमेरिकेतल्या आमच्या डब्लिनमध्ये वादळाचा भोंगा वाजतो. वादळ नसतं, भोंगा चालतोय की नाही एवढंच बघतात. कुणी मान वर करून बघत नाही. मी मात्र ओहायोत इतकी वर्षं काढूनही दर बुधवारी दचकते आणि मग वार आठवून स्वतःलाच शिव्या घालते. आमच्याकडे नवरा व्हिसाच्या मेलला घाबरतो आणि मी बाकी सगळ्याला. संसारात कामाची वाटणी हवीच.

पण त्या वसंतात मला खरी भीती एकाच गोष्टीची होती. माझी मुलगी हाकेला ओ देत नव्हती.

घरात आम्ही तिला बाळ म्हणतो. बाळ चार वर्षांची होईपर्यंत बोललीच नव्हती. ऐकू यायचं, समजायचं, 'चप्पल आण' म्हटलं की चप्पल आणायची; फक्त तोंड उघडायचं नाही. भारतातून फोनवर सल्ले यायचे. वेखंड उगाळून चाटव, घरात मराठीच बोल, घरात इंग्रजीच बोल. सासूबाई म्हणायच्या, "आमचा हासुद्धा उशिराच बोलला," आणि 'हा' समोर बसून मोबाइलमध्ये बघत असायचा, म्हणजे अजून नीटसा बोलायला लागलेला नव्हताच. स्पीच थेरपिस्ट बाई मायाळू होत्या. चित्रांचे पत्ते दाखवायच्या आणि मला सांगायच्या, थांबा, दबाव नको. थांबणं मला जमत नाही, पण दुसरं करणार काय?

ती बोलायला लागली ती मागच्या आजींकडे. आमच्या टाउनहाउसच्या रांगेमागे पावसाचं पाणी साठवायला खणलेलं एक तळं आहे आणि तळ्यापलीकडे एक जुनं पांढरं लाकडी घर. आजूबाजूची शेतं विकली गेली, कॉलन्या उठल्या, हे एक राहिलं. तिथे ऐंशीच्या घरातल्या आजी एकट्या राहायच्या. मूळच्या ओहायोच्या दक्षिणेकडच्या, डोंगरातल्या. कानाचं मशीन होतं, ते बहुतेक वेळ टेबलावर. मी घरून काम करते. दुपारी लागोपाठ मीटिंग असल्या की बाळ त्यांच्याकडे बसायची.

स्वतःला ऐकू येत नाही म्हणून आजी मोठ्यानं, सावकाश, बोट दाखवत बोलायच्या. टेबल मांडताना रोजचा पाठ असायचा. ही बशी 'माइन', ही 'युअर्न', मांजरीची वाटी 'हर्न', आणि खिडकीतला निळा कप, जो त्यांच्या गेलेल्या नवऱ्याचा होता, तो 'हिझन'. त्यांच्याकडची जुनी माणसं असंच म्हणतात. त्याचं, तिचं, तुझं, आपलं, सगळ्याच्या शेपटीला एक 'न'. मी इंग्रजी माध्यमातली नाही, तरी एवढं कळत होतं की हे पुस्तकातलं इंग्रजी नव्हे.

एकदा बाळाला आणायला गेले होते. आजींचं सिंक भरलेलं दिसलं, म्हणून भांडी घासायला घेतली आणि त्या भरात तो निळा कपही उचलला. मागून आवाज आला, "नो. दॅट्स हिझन."

मी वळून बघितलं तर तिथे बाळाशिवाय कुणी नव्हतं. मी ओल्या हातांनी तिथेच फरशीवर बसले आणि रडले. आतल्या खोलीतून आलेल्या आजींना काहीच ऐकू गेलं नव्हतं. कुठे कापलं का, म्हणून त्या माझे हात उलटसुलट करून बघत होत्या.

त्यानंतर बाळ बोलतच सुटली, आणि जे बोलली ते आजींचंच. बाबांचे बूट हिझन, आईचा चष्मा हर्न, घर आवर्न. आनंद करायचा सोडून मला नवीनच धास्ती बसली, कारण पुढे काय होतं ते मला माहीत होतं.

मी नागपूरची. पुण्याला कॉलेजात गेले तेव्हा मेसमध्ये पहिल्याच दिवशी म्हणाले, "ते ताट माझंवालं आहे." टेबलावरच्या मुली हसल्या. एकीनं विचारलं, "माझं म्हण ना. ते वालं कशाला?" वाईट नव्हत्या त्या. घरून आलेला लाडू अर्धा मला द्यायच्या. पण कुणी पाहुणी आली की मला पुढे करायच्या, "हिचं माझंवालं ऐक." मी काही आठवडे जेवणाच्या टेबलावर बोलणंच बंद केलं आणि मग ते 'वालं' जिभेवरून असं खरवडून काढलं की फोनवर आई म्हणाली, "आता पुण्यावाली झाली तू." ती कौतुकानं म्हणाली होती. मी फोन लवकर ठेवला.

आता सांगा, मी काय करायचं? सुधारायला गेले तर बाळ मिटेल. नाही सुधारलं तर जग हसेल आणि मग मिटेल. मी काहीच ठरवलं नाही. नुसती घाबरत राहिले.

पाडव्याच्या दिवशी एका काकूंकडे सगळ्यांचं जेवण होतं. गुढीला नमस्कार झाला, श्रीखंड झालं, आणि काकूंनी मुलांना साखरेच्या गाठी वाटल्या. आमचं बाळ खुशीत होतं. प्रत्येकाच्या गळ्यातल्या गाठीकडे बोट दाखवून खणखणीत आवाजात सांगत सुटलं, "दिस इज माइन. दॅट्स हर्न. दॅट्स हिझन."

हॉलमध्ये हशा पिकला. एक जण म्हणाला, "अरे यार, हिला कुठल्या खेड्यात ट्रेनिंग दिलंय?" एका मोठ्या मुलानं, जो इथेच जन्मलाय, डोळे फिरवले, "शी टॉक्स लाइक अ हिलबिली." डोंगरातल्या गावंढळ माणसांना इथे असं म्हणतात. काकू खरंच प्रेमानं म्हणाल्या, "किती क्यूट गं! परत म्हण ना, मी व्हिडिओ करते." चार मोबाइल वर झाले.

बाळानं एकेका मोबाइलकडे बघितलं. मग गाठीचं टोक तोंडात धरलं आणि ओठ मिटले. तो चेहरा मला ओळखीचा होता.

घरी येताना गाडीत बोलली नाही. दुसऱ्या दिवशी नाही, त्यानंतर नाही. आजींकडे नेलं, तिथेही नाही. आजींनी नेहमीसारख्याच बश्या मांडल्या, माइन, युअर्न, हर्न म्हटलं, आणि उत्तर आलं नाही तरी दुसऱ्या दिवशी पुन्हा म्हटलं.

मी रात्रंदिवस एकच विचार करत होते: ही पुन्हा बोललीच नाही तर? त्यात एक दिवस देशी ग्रोसरीत ती दिसेनाशी झाली. मी डाळींच्या रांगेतून हाका मारत पळाले. पार्किंगमध्ये जाऊन आले. ती बाहेर जाऊ नये म्हणून दुकानदारानं दार लावून घेतलं. शेवटी ती तांदळाच्या पोत्यांच्या थप्पीमागे सापडली, माझ्यापासून चार हातांवर. तिनं माझी प्रत्येक हाक ऐकली होती. डोळ्यांत पाणी होतं, म्हणजे तीही घाबरली होती, पण ओ काही दिली नव्हती. तेव्हापासून मला तळ्याची भीती वाटायला लागली, रस्त्याची, गर्दीची, आगीची. हरवलेलं मूल आपण हाक मारून शोधतो. जे मूल ओ देत नाही ते कसं शोधायचं?

त्याच सुमारास आजींनी मक्याचा गोड ब्रेड पाठवला होता, काचेच्या भांड्यात. भांड्याच्या बुडाला त्यांच्या नावाची कागदी चिकटपट्टी. चर्चमधल्या जेवणांना सगळ्यांची भांडी एकत्र होतात, म्हणून तिकडच्या बायका अशी पट्टी लावतात. ब्रेड संपला, भांडं घासून ओट्यावर ठेवलं आणि तिथेच राहिलं. कारण रिकामं भांडं परत द्यायचं नसतं. शंकरपाळे करून द्यावेत म्हटलं, वेळ झाला नाही. रव्याचे लाडू म्हटलं, रवा संपलेला. रोज भांड्याकडे बघून मी पुटपुटायचे, "आजींचं भांडं द्यायचंय, पण रिकामं कसं देऊ? निदान चिमूटभर साखर तरी घालावी." आजींनी एकदा मागितलंही होतं, तर मी म्हटलं, उद्या. हे अमेरिकन माणसाला कसं समजावणार?

आणि मग एका गुरुवारी दुपारी भोंगा वाजला.

मी मीटिंगमध्ये होते. सवयीनं दचकले, सवयीनं स्वतःला म्हटलं, बुधवार आहे. मग कळलं की नाही, काल बुधवार होता. खिडकीबाहेर आभाळ हिरवट झालं होतं. तसा रंग मी आभाळात कधी पाहिला नव्हता. फोनही किंचाळायला लागला, टोर्नेडो, ताबडतोब आसरा घ्या. लगेच नवऱ्याचा ऑफिसातून फोन, "बाळाला घेऊन बाथरूममध्ये बस! खिडकीपासून लांब!" आमच्या घराला तळघर नाही. आजी मागे एकदा म्हणाल्या होत्या, भोंगा वाजला तर सरळ माझ्याकडे या, "द सेलर्स युअर्न टू," तळघर तुमचंही आहे.

बाळ खाली टीव्हीसमोर होती. मी खाली आले तर टीव्ही चालू आणि बाळ नाही. बाथरूममध्ये नाही, पलंगाखाली नाही. मागचं सरकतं दार वीतभर उघडं होतं. मी ओट्याकडे बघितलं. आजींचं भांडं जागेवर नव्हतं. फ्रिजवरच्या चुंबकाच्या खुंटीला पाडव्यापासून लटकत असलेली साखरेची गाठीही नव्हती.

पोरीनं रोज ऐकलं होतं. आईला वेळ नाही, तर तिनंच भांड्यात साखर घातली आणि परत द्यायला निघाली.

मी अनवाणी पळाले. वारा असा की दार हातातून सुटून आपटलं. तळ्याचं पाणी काळं पडलं होतं. मी काठाशी उभी राहून पाण्याकडे बघितलं. "बाळा! बाळाऽ!" भोंग्यात माझा आवाज मलाच ऐकू येईना. आणि ऐकू गेला तरी ती ओ देणार होती थोडीच?

आजींच्या स्वयंपाकघराचं दार उघडं होतं. टेबलावर ते काचेचं भांडं, आत गाठी नीट गोल करून ठेवलेली. शेजारी कानाचं मशीन. आत कुणी नाही. म्हणजे पोर इथवर पोचली होती. पण पुढे? आजींनी खाली नेली, की ती भांडं ठेवून परत फिरली आणि वाटेत आम्ही चुकलो?

आजींच्या तळघराचं दार घराच्या मागे, जमिनीला टेकलेलं, तिरकं लाकडी दार. आतून कडी. मी त्याच्यावर मुठी आपटायला लागले. गारा सुरू झाल्या होत्या. आजींच्या कानाला मशीन नाही, दाराचे धक्के त्यांना वाऱ्याचेच वाटत असणार. मी ओरडले. इंग्रजीत सुरुवात केली असेल, पण तोंडातून निघालं ते पुणेरीही नव्हतं. इतकी वर्षं दाबून ठेवलेलं सगळं घशातून वर आलं.

"माझीवाली पोरगी आहे का जी आत? माझीवाली पोरगी! ओ दे न बाप्पा!"

काही नाही. मी दारावर आडवी पडून फळ्यांच्या फटीला कान लावला. पाठीवर गारा बसत होत्या. खालून आजींचा शांत आवाज येत होता, त्या कुणाला तरी समजावत होत्या, घाबरू नको हनी, तो वाराच आहे.

म्हणजे ती आत होती. मी पुन्हा मुठी आपटल्या. आजी पुन्हा म्हणाल्या, वाराच आहे.

आणि मग खालून ती ओरडली. बहिऱ्या माणसाला ऐकू जावं एवढ्या मोठ्यानं, सगळा जीव घशात आणून.

"नो! दॅट्स मॉमी! लेट हर इन! शी'ज आवर्न!"

ती आपली आहे. आत घे तिला.

कडी सरकायला वेळ लागला. आजींच्या बोटांना संधिवात. आतून बाळ हाका मारतच होती, "मॉमी? मॉमी?" आणि दार उघडायची वाट न बघता, गालाखाली ओल्या फळ्या आणि तोंडात पाऊस, मी ओ दिली.