लाथ खाण्याची कला

सर्व रसिक मायबापांना अत्यंत गांभीर्यानं कळविण्यात येतं की, इंदापूर तालुक्यातल्या आमच्या गावच्या जत्रेत सादर झालेल्या भव्य ऐतिहासिक नाटकात महाराजांची लाथ खाण्याचा मान प्रस्तुत लेखकाला मिळाला होता. कृपया शांतता राखावी. रडकी पोरं बाहेर न्यावीत.

हा मान मला मिळाला शाळेच्या व्हरांड्यात, तालमीच्या वेळी. महाराज झालेल्या भैय्यानं लाथ उगारली, मी कोलमडलो. समोर खुर्ची टाकून भैय्याचे वडील, तात्या, बसले होते. ते म्हणाले, "थांबा. लाथ लागलीच न्हाय. खोटी वाटतीया."

नाटक बसवणारे गुरुजी चाचरत म्हणाले, "तात्या, नाटकात खोटीच असती."

"असंल. पण ह्याच्या आज्यानं आमच्या आज्याच्या खऱ्या खाल्ल्यात. ह्याला काय जड जातंय? घाल रं भैय्या."

सगळे हसले. गुरुजीही हसले. भैय्यानं घातली. कमरेच्या वर, बरगडीखाली. मी उठलो आणि माझं वाक्य म्हणालो, "महाराजांचा विजय असो."

हे नव्वदच्या दशकातलं सांगतोय. पूर्वीच्या काळचं, असं कुणी मनाशी म्हणू नये. गावात रंगीत टीव्ही आले होते.

आता भैय्या महाराज कसा झाला? आवाज पाहून? पाठांतर पाहून? छे. आमच्याकडं स्टेज म्हणजे उसाच्या दोन ट्रॉल्या एकमेकींना लावायच्या, वर फळ्या ठोकायच्या. ज्याच्या ट्रॉल्या, त्याच्या घरात राजाचं काम. मग प्रधान, सेनापती असं उतरत उतरत शेवटी शिपाई. शिपाई आमच्या वस्तीतून घेत. गावाबाहेरच्या आमच्या दलित वस्तीला गाव राजवाडा म्हणतं. राजवाड्यातल्या माणसानं हातात भाला धरायचा, लाथ खायची, विजय असो म्हणायचं.

मी तेव्हा बारामतीला कॉलेजात होतो. गॅदरिंगच्या एकांकिकेत काम केलं होतं. तिथं नाटक शिकवायला येणाऱ्या बाईंनी मला खोटा मार शिकवला होता. मारणाऱ्यानं पाय वीतभर अलीकडं थांबवायचा. खाणाऱ्यानं त्याच क्षणी स्वतःच्या मांडीवर थाप मारायची. आवाज तिथून येतो. मग धक्का अंगातून वर न्यायचा, मान मागं टाकायची, लोळण घ्यायची. बाई म्हणायच्या, "मारणारा फक्त पाय उचलतो. मार तयार करतो तो खाणारा."

मला ही कला फार आवडली होती. हसू नका, खरंच आवडली होती. घरामागं बाभळीखाली मी एकटाच तासन् तास पडायचो. आई खुरपं घेऊन रानातून यायची आणि म्हणायची, "आरं काय फिट आली का काय तुला?"

ती कला घेऊन मी गावच्या तालमीला गेलो होतो. भैय्याला समजावलं, "तू हितं पाय थांबव, बाकी माझ्यावर सोड." पहिल्या तालमीला मी असा पडलो, की बघायला आलेली माणसं उभी राहिली. "काय लाथ घातली भैय्यानं!" म्हणाली. वाहवा भैय्याची झाली. आणि तरी तात्यांना ती खोटी वाटली. माझ्या मेहनतीची लाथ त्यांना नको होती. त्यांना त्यांच्या आज्याची हवी होती.

तेव्हापासून रोज तालमीत खरी बसायची. मी आईला म्हणालो, "मी काम सोडतो."

आई चुलीपुढं होती. म्हणाली, "सोडू नगं. तात्यांच्याच उसात खुरपाय जातिया मी. यवढं नाटक हू दे. गप पड आन् मोकळा हो."

गप पड. मी विचार करत बसलो. आजा असाच गप पडला असेल. लागो न लागो, पडला असेल. त्याच्या पडण्याकडं बघून चावडीवरच्या माणसांना वाटलं असेल, काय दरारा आहे! म्हणजे दरारा त्यांच्या पायात नव्हताच. तो आमच्या पडण्यात होता. आम्ही पडून पडून तो घडवला होता, फुकट, पिढ्यान् पिढ्या. बारामतीच्या बाईंनी मला नाटक शिकवलं होतं. गावानं त्याचा अर्थ शिकवला.

बरगडी धरून मी ठरवलं. आता पडायचं नाही.

नाटकाच्या दुसऱ्याच दिवशी आईचं तात्यांच्या उसातलं काम बंद झालं आणि नंतरचं वर्ष आमच्या घरावर फार वाईट गेलं, हे आधीच सांगून टाकतो. म्हणजे गोष्ट गोड होईल अशी आशा कुणी धरायला नको. आई माझ्याशी कितीतरी दिवस बोलली नाही. त्यानंतर मी पुष्कळ नाटकं केली, वस्त्यांवर, चौकात, कारखान्याच्या फाटकासमोर. त्यातल्या एकातही पडलो नाही. पडणारही नाही.

तर, नाटक. पोरं पुढं पोत्यावर, बाया डावीकडं, तात्या मधोमध सोफ्यावर. भैय्याच्या डोक्यावर बारामतीहून भाड्यानं आणलेला मुकुट. शेजारी राणी. गावातल्या बाया नाटकात उभ्या राहत नसत, म्हणून राणीच्या कामाला बाहेरची कलावंतीण बोलवायची पद्धत होती. ती त्याच दिवशी एसटीनं उतरली होती. तालमीतलं तिला काहीच माहीत नव्हतं. वरून टांगलेला माईक तिच्या तोंडासमोर होता.

भैय्या गरजला, "नादान शिपाया!" आणि लाथ घातली.

मी मांडीवर थाप मारली नाही. मान टाकली नाही. पाय रोवून उभा राहिलो. नुसता धप्प असा बारका आवाज झाला, पोत्यावर पाय आपटावा तसा. हसायला उघडलेली तोंडं तशीच राहिली. नाटकातली लाथ गेली होती आणि एका माणसानं दुसऱ्याला मारलेलं उरलं होतं. ते बघून कसं हसायचं, हे कुणाला सुचेना.

पडद्याआडून गुरुजी कुजबुजले, "पड की! आरं पड!"

सोफ्यावरून तात्या ओरडले, "भैय्या, घाल आणखी!"

भैय्यानं घातली. मग आणखी एक. मुकुट कानावर आला, तोल जाऊन त्यानंच सिंहासनाचा हात धरला. मी भाला फळ्यांवर ठेवला. विजय असो म्हणालो नाही. तात्यांकडं बघत उभा राहिलो.

भैय्यानं पुन्हा पाय उचलला, तेव्हा शेजारची राणी आपलं वाक्य विसरली आणि सगळ्या गावाला माईकमधून ऐकू गेलं:

"आवो राजं, किती मारताय? त्यो न्हाय पडत आता!"