हुंगाऱ्यावर चालणारं गाणं

जसलीनचा फोन आला तेव्हा मी सिंगापुरातल्या जुरोंग ईस्टच्या ऑफिसात होतो. "अंकल, दादाजी सकाळी गेले," ती इंग्रजीत म्हणाली, आणि थोड्या वेळाने, "त्यांनी माझं गाणं पूर्ण केलं होतं का?" उत्तर मला ठाऊक होतं, पण फोनवर देववेना... घरी येतो, एवढंच म्हणालो.

जसलीन ही गुरमेल सिंगांची नात. पासिर रिसला आमच्याच इमारतीत, अकराव्या मजल्यावर, ते मुलाच्या कुटुंबासोबत राहत. पंजाबीतले कवी आणि गीतकार. त्यांनी किती गाणी लिहिली हे मी सांगू शकत नाही. ते दर वेळी वेगळा आकडा सांगत आणि मी विमा कंपनीत काम करणारा माणूस, खात्री नसलेला आकडा लिहीत नाही. पण लुधियान्याकडच्या लग्नांत बायका त्यांची गाणी ढोलकीवर गातात, हे खरं. एकदा आम्ही किराणा आणायला गेलो तर दुकानात त्यांचंच गाणं लागलेलं. "किसका है ये?" त्यांनी मुद्दाम विचारलं. दुकानदार म्हणाला, "अंकलजी, ये तो लोकगीत है। किसी ने नहीं लिखा।" परतताना गुरमेलजी रस्ताभर हसत होते. "जाधव साब, आज मैं किसी ने नहीं हो गया!"

गाणं ते कागदावर रचत नसत. त्यांच्या पंजाबात गोष्ट सांगताना ऐकणाऱ्याने मधूनमधून 'हूं' म्हणायचं असतं. त्याला हुंगारा म्हणतात. त्यांची पत्नी कणीक मळत बसायची, गुरमेलजी ओळ म्हणायचे. तिनं हूं म्हटलं तर ओळ राहिली, नाही म्हटलं तर गेली. ती इथेच, सिंगापुरात वारली, आणि त्यानंतर त्यांनी नवं काही रचलं नाही. मुलगा-सून दिवसभर कामावर. संध्याकाळी ते इमारतीखालच्या मोकळ्या व्हॉइड डेकवर बाकावर बसलेले असत, ऑफिसातून आल्यावर मीही टेकायचो. तेवढीच आमची ओळख, हिंदीतली.

जसलीनचं लग्न ठरलं आणि तिनं आजोबांकडे गाणं मागितलं. "दादाजी, एव्हरीबडीज वेडिंग गॉट युअर साँग, ओन्ली माईन डोन्ट हॅव, लाह!" पंजाबी तिला जेमतेम कळते, तरीही. मग एका संध्याकाळी त्यांनी संकोचत विचारलं, "आप थोड़ा सुनेंगे?" पहिली ओळ झाली आणि मी आपल्या मैफलीच्या सवयीने "वा!" म्हणालो. दुसरीलाही म्हणालो. ते थांबलेच. "वाह मत कीजिए, जाधव साब। वाह से बात खत्म हो जाती है। हुंगारे से आगे चलती है।" माझ्या जिभेवरून ते 'वा' जायला बराच काळ लागला. मधेच निसटलं की ते हात जोडत, "लो जी, मार दिया!"

पाठवणीचं गाणं होतं ते. नवरी लिफ्टला सांगते आहे : बाई गं, एकदम खाली नेऊ नकोस, प्रत्येक मजल्यावर थांबत चल, कुठे माझं सायकल शिकणं राहिलंय, कुठे आजीची हाक. आठवड्याला एखादं कडवं व्हायचं. शब्द मला अर्धेच कळत, पण हूं म्हणत म्हणत सगळे पाठ झाले. दुसऱ्या मजल्यापर्यंत आम्ही पोचलो होतो; इथे दुसऱ्याच्या खाली थेट तळमजलाच. तळमजल्यावर दार उघडल्यावर नवरी काय म्हणते, ते त्यांना सापडत नव्हतं. "बाहर कौन खड़ा है, ये दिखता नहीं," म्हणत. जसलीनने फोनवर रेकॉर्ड करू का विचारलं, तर म्हणाले, पुरं होऊ दे... मग ती सकाळ आली.

गुरुद्वाऱ्यातले विधी आटोपल्यावर जसलीनने मला बोलावलं. स्वयंपाकघरातल्या टेबलावर फोन रेकॉर्डिंगला लावून ती समोर बसली. मी पहिली ओळ म्हटली, दुसरी म्हटली... आणि पुढचं येईना. ती शांत ऐकत होती. बोलणाऱ्याच्या मध्ये बोलू नये, अशी तिला चांगली शिकवण. हुंगाऱ्याशिवाय ओळ पुढे सरकत नव्हती. पत्नी गेल्यावर गुरमेलजी या घरात इतकी वर्षं कसे बसले असतील, ते मला तेव्हा कळलं.

"तू मध्येमध्ये हूं म्हण," मी म्हणालो.

"मी? पण मला अर्थ कळत नाही, अंकल."

"मलाही पुरता कळत नाही. म्हण."

ती लाजत "हूं" म्हणाली आणि तिसरी ओळ आली. मग चौथी. मजल्यामागून मजले उतरत गेलो, तिचा हूं हळूहळू धीट झाला. दुसरा मजला संपला आणि मी थांबलो.

"हूं," जसलीन म्हणाली, आणि माझ्याकडे बघत वाट पाहत राहिली...