माता निघाली त्या दिवशीचे डाग

वरणाला फोडणी मीच दिली होती. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं सांगताना लाजायला काही उरत नाही.

माझ्या नऊ वर्षांच्या मुलीला कांजण्या आल्या होत्या. आमच्या घरात कांजण्या म्हणत नाहीत, माता आली म्हणतात. आणि माता आली की घराचे कायदेच बदलतात. दाराला कडुनिंबाचा डहाळा, पोरगी निंबाच्या पाल्यावर निजलेली, चपला अंगणात, बाहेरच्या माणसाला आत यायची बंदी. सुई दिसता कामा नये, ना शिवायची ना डॉक्टरची. तळण आणि फोडणी तर साफ बंद. तेल तडतडलं की मातेला चटके बसतात, असं सासूबाईंचं म्हणणं. बरं, हे सगळं आम्ही कुठल्या रानात राहून करत होतो असंही नाही. आम्ही बोरगाव मेघेत राहतो, पलीकडच्या शेतात पालक, सांभार म्हणजे कोथिंबीर, वांगी लावतो आणि माल वर्ध्याच्या बाजारात नेतो. मोठा दवाखाना ऑटोनं वीस मिनिटांवर. मी स्वतः बारावी पास. तरी केलं.

चौथ्या दिवशी पोरगी कुरकुरली, "मम्मी, असं पानचट वरन खाऊन खाऊन मले ओकारी येऊन राह्यली." सासूबाई शेतात होत्या. मी दार लोटलं, पळीत चमचाभर तेल तापवलं, जिरं-मोहरी, लसूण टाकला आणि आवाज होऊ नये म्हणून वर ताटली धरून फोडणी वरणात ओतली. पोरीनं दोनदा भात मागून घेतला. मला फार बरं वाटलं.

नवव्या दिवशी खपल्या सुटू लागल्या. म्हणजे माता निघायचा दिवस. निंबाच्या पाण्यानं आंघोळ घालायची, मग मातामायच्या, म्हणजे गावच्या देवीच्या, ओट्यावर दहीभात ठेवून पाणी घालायचं आणि हात जोडून तिला निरोप द्यायचा. आंघोळ घालताना पोरीच्या डाव्या पोटरीला हात लागला आणि ती किंचाळली. तिथे रुपयाएवढे तीन जांभळे डाग होते. बोटानं दाबले तरी रंग हटेना. दुपारपर्यंत ते तळहाताएवढे झाले, मधोमध काळपट आणि कडेनं लाल.

"मातेले काईतरी खटकलं," सासूबाई म्हणाल्या. "कोनाच्या तरी हातून चुकलं आपल्या घरात. आनखी पाच दिवस ठेवा लागते तिले."

कोणाच्या हातून ते मला ठाऊक होतं. त्या संध्याकाळी ऑटो बोलवायचं सोडून मी मातामायला पाच घागरी पाणी घातलं आणि ओट्यावर नाक घासलं. ती संध्याकाळ मी स्वतःला अजून माफ केलेली नाही.

सकाळी पांघरूण काढलं तर डाग गुडघ्यापासून घोट्यापर्यंत पसरलेला, त्यावर काळसर पाण्याचे फोड, आणि पायाची बोटं निळी, गार पडलेली. पोरगी रडतही नव्हती, नुसती कण्हत होती. आमचे हे उंबऱ्याजवळ हातपाय गाळून बसले होते. सासूबाई दारात आडव्या आल्या.

"अवं, सुई टोचली तं पोट्टी हातची जाईन!"

माझं डोकं फिरलं. "आई, फोडनी म्या देल्ली वरनाले. चौथ्या दिवशी, तुमी वावरात होत्या तवा. कोपाचं असन तं मातेनं माह्यावर कोपाव. पोरीचा पाय काऊन धरते? माय आहे न ते? मंग मायसारखी राह्य म्हना तिले!"

इतकं मोठ्यानं मी त्या घरात कधी बोलले नव्हते. सासूबाई बाजूला सरकल्या. पटलं म्हणून नाही, घाबरून सरकल्या असतील. मी पोरीला चादरीत गुंडाळलं आणि निघाले.

दवाखान्यात एक तरुण डॉक्टरीणबाई होत्या. त्यांनी चादर बाजूला केली आणि त्यांचा चेहराच उतरला. दोन मिनिटांत चार माणसं गोळा झाली. डाग पहिल्यांदा कधी दिसले, त्यांनी विचारलं. काल सकाळी, मी म्हणाले. मग आजपर्यंत काय केलं? मी फोडणीपासून सगळं सांगून टाकलं. वाटलं, हसतील. त्या हसल्या नाहीत.

"ताई, फोडणीनं काही होत नाही," त्या म्हणाल्या. "उशिरानं होतं."

तोंडात मारल्यासारखं झालं, पण औषधासारखं लागू पडलं. त्यानंतर फोडणी माझ्या डोक्यातून गेली ती गेलीच.

आजाराचं नाव त्यांनी कागदावर लिहून दिलं, परप्युरा फल्मिनन्स. क्वचितच होतो म्हणे. मला कळलं ते असं की कांजण्यांशी लढायला अंगानं जी फौज उभी केली, ती चुकून आपल्याच रक्तातल्या एका प्रोटीनवर तुटून पडली. रक्ताला वाहतं ठेवायचं काम त्याचं. ते संपलं आणि कातडीतल्या बारीक नसांत रक्त गोठत सुटलं. रक्त पोचलं नाही की कातडी मरते. मी विचारलं, पोरगी वाचते का? त्या म्हणाल्या, "आधी हे गोठणं थांबवू. मग पायाचं बघू." म्हणजे जीव पहिला आणि पाय दुसरा. मी मनात तसाच क्रम लावून घेतला. रडणं तिसरं, ते नंतर.

प्लाझ्माच्या पिवळ्या पिशव्या चढू लागल्या, रक्त पातळ करायचं औषध थेंबथेंब सुरू झालं. आमच्या ह्यांनी रक्त दिलं, दिराने दिलं, बाजारातल्या चार भाजीवाल्यांनी हातगाड्या तशाच सोडून येऊन दिलं. डॉक्टर पेनानं डागाची कड आखून जायचे. डाग रेघेच्या बाहेर गेला का, एवढंच मी बघत बसायचे. पहिले दोन दिवस गेला. तिसऱ्या दिवशी थांबला. नर्सबाई म्हणाल्या, जरा जेवून घ्या आता. मी म्हटलं, उद्या बघू. उद्याही तो तिथेच होता, तेव्हा जेवले.

पाचव्या दिवशी सासूबाई आल्या. बाकावर माझ्या शेजारी डबा उघडून ठेवला. वरणावर लसणाची फोडणी होती, चांगली सणसणीत. "खाय," म्हणाल्या, आणि पदरानं तोंड पुसत वॉर्डाच्या दाराकडे बघत बसल्या. बाप्पा, आमच्या सासूबाईंकडून एवढं म्हणजे पुष्कळ झालं.

जीव वाचला. मग पायाची पाळी आली. पोटरीवरची मेलेली कातडी काढून उजव्या मांडीवरची पातळ कातडी तिथे लावायची, असं सर्जन म्हणाले. पण डाव्या पायाची शेवटची तीन बोटं काळी पडून भरतासाठी भाजलेल्या वांग्यासारखी आकसली होती. ती काढावी लागणार. ठेवली तर तिथून पू चढेल आणि मग घोट्यापर्यंत पाऊल जाईल. कागद पुढे आला.

आमच्या ह्यांनी पेन हातात घेतलं आणि परत ठेवलं. माणूस मवाळ आहे, कोंबडी कापताना घराबाहेर जातो. "पोरीची जात आहे वं," ते म्हणाले. "उद्या लगन कोन करन तिच्याशी?"

"लग्न पावलाशी करते का मानूस?"

"आनखी आठ दिवस पाहू न."

"आठ दिवस? एक रात पाहिली होती म्या, अन् त्याच्यात बोटं गेली. आता पाऊल नाई देत." आम्ही वॉर्डाच्या दारातच भांडत होतो. पलंग तिथून दहा पावलांवर होता, पण पोरगी औषधाच्या गुंगीत आहे असं आम्ही धरून चाललो होतो. हे भिंतीकडे तोंड करून रडायला लागले. मी पेन उचललं आणि सही केली. पूर्ण नाव, खाली तारीख.

सात आठवड्यांनी ती घरी आली. भिंतीला धरून चालायची, मग हळूहळू भिंत सोडून. लावलेल्या कातडीला दिवसातून तीनदा खोबरेल तेल चोळायचं होतं, नाहीतर ती आकसते आणि पाय ओढतो. पण पोरगी पायाला हात लावू देईना. घरातसुद्धा मोजा घालून बसायची. समजावलं, लाडीगोडी केली, शेवटी रागावले. ती मोजा आणखी वर ओढायची.

आठवड्याभरानं दुपारी तेलाची वाटी घेऊन बसले तर तिनं एकदम विचारलं, "माह्या बोटांवर सही कोनं केली?"

म्हणजे त्या दिवशी तिनं सगळं ऐकलं होतं. पप्पांवर ढकलता आलं असतं, डॉक्टरांवर ढकलता आलं असतं.

"म्या केली," मी म्हणाले.

"पप्पा रडत होते."

"हाव."

"अन् तू?"

"मी नाई रडली. रडली असती तं सही झाली नसती."

"मले इचाराचं होतं पहिले."

"इचारलं असतं तं तू नाई म्हनली असती."

"हाव, नाईच म्हनली असती."

"तरी म्या सही केली असती."

तिचे डोळे भरले, पण रागानं. मला वाटलं, आता वाटी फेकते. तिनं मोजा काढला आणि भिंतीकडे तोंड फिरवून पाय माझ्या मांडीवर टाकला.

"हळू लावजो," म्हणाली.

पुढचे दोन दिवस ती माझ्याशी एक शब्द बोलली नाही. तेल मात्र तिन्ही वेळा लावू दिलं.